टुटी-फ्रुटी टोपीखालची बाई

कार्मेन मिरांडा हे नाव कदाचित ऐकलं नसेल, पण ही बाई तुम्ही पाहिलेली आहे. टॉम अँड जेरीचा १९४३ सालचा 'बेबी पुस' हा भाग आठवतोय? एक छोटी मुलगी टॉमला बाळाचे कपडे घालून पाळण्यात झोपवते. जेरी गल्लीतल्या टग्या बोक्यांना बोलावून आणतो आणि मग सगळे मिळून टॉमची यथेच्छ टर उडवतात. त्यात एक चिटुकला बोका डोक्यावर फळं घेऊन, डोळे फिरवत, कंबर लचकवत नाचायला लागतो. आपण हसतो, कारण बोका फळं घेऊन नाचतोय. १९४३ सालचा अमेरिकन प्रेक्षक मात्र आणखी एका कारणासाठी हसत होता. ही नक्कल कुणाची आहे ते त्याला अर्ध्या सेकंदात कळलं होतं. आणि मागे वाजणारं 'मामाएं एउ केरो' हे रिओच्या कार्निव्हलमधलं पोर्तुगीज गाणं त्याला ठाऊक होतं तेही तिच्यामुळेच.

बोक्याने नक्कल केली की समजावं, माणूस खरंच प्रसिद्ध झाला. पण नक्कल मूळ माणसापेक्षा जास्त टिकली तर? कार्मेनच्या बाबतीत नेमकं तेच झालं. तिची गोष्ट मला गेले काही वीकेंड सोडत नाहीये, म्हणून आज लिहून टाकतो. थोडं लांबेल. चहा घेऊन बसा.

आधी जन्मकुंडली. मिरांडा हे आडनाव आपल्याला मारिओ मिरांडांमुळे ओळखीचं आहे आणि गोव्यात काय किंवा ब्राझीलमध्ये काय, त्याचा उगम एकच, पोर्तुगाल. फरक इतकाच की कार्मेन स्वतःच पोर्तुगालमध्ये जन्मली. ९ फेब्रुवारी १९०९, उत्तर पोर्तुगालमधल्या मार्को द कानावेझेस भागातलं एक खेडं. नाव मारिया दो कार्मो मिरांडा दा कुन्हा. वडील न्हावी. ते पोटापाण्यासाठी रिओ दि जानेरोला गेले आणि मागोमाग आई दोन मुलींना घेऊन बोटीने गेली. कार्मेन तेव्हा वर्षाचीही नव्हती. जगाने जिला 'ब्राझीलचा चेहरा' म्हणून ओळखलं, ती कागदोपत्री शेवटपर्यंत पोर्तुगीज नागरिकच राहिली. गंमत आहे की नाही?

घरची परिस्थिती बेताची. आई खानावळ चालवायची. मोठी बहीण ओलिंदा क्षयाने आजारी, तिला उपचारासाठी पोर्तुगालला पाठवलेलं, त्याचा खर्च वेगळा. म्हणून कार्मेन चौदाव्या वर्षीच कामाला लागली. आधी टायच्या दुकानात, मग बायकांच्या टोप्यांच्या दुकानात. तिथे ती टोप्या विकायला शिकली आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे टोप्या बनवायला शिकली. हा तपशील डोक्यात ठेवा, पुढे लागणार आहे.

१९२९ च्या सुमारास जोसुए द बारोस नावाच्या गिटारवाल्याने तिचा आवाज हेरला. १९३० साली 'ताई' नावाचं तिचं गाणं आलं आणि ब्राझीलभर गाजलं. (आपल्या ताईशी काहीही संबंध नाही!) वयाच्या एकविसाव्या वर्षी ही पोरगी स्टार झाली होती. पुढची नऊ वर्षं रेकॉर्ड, रेडिओ आणि सिनेमा या तिन्ही आघाड्यांवर तीच. ब्राझील सोडेपर्यंत तिची अडीचशेहून जास्त गाणी ध्वनिमुद्रित झालेली होती. बोलपट तिथे नुकतेच पाय रोवत होते आणि निर्मात्यांचा फॉर्म्युला सोपा होता: रेडिओवरचे गाजलेले गायक गोळा करा, मध्ये थोडी विनोदी कथा घाला, कार्निव्हलच्या तोंडावर सिनेमा लावा. 'आलो, आलो, ब्राझील' (१९३५), 'आलो, आलो, कार्नावाल' (१९३६) हे त्यातलेच. ज्यांचा आवाज घरोघरी पोचला होता त्यांचे चेहरे बघायला लोक पैसे देत होते. हे मुद्दाम सांगतोय, कारण अमेरिकेत तिला 'शोधलं' गेलं असं अनेकदा लिहिलं जातं. शोधायचं काय त्यात? ती स्वतःच्या देशात आधीच अव्वल होती.

आता येते ती टोपी. १९३९ साली 'बनाना दा तेर्रा' नावाचा सिनेमा आला. त्यात कार्मेनसाठी आरी बारोसो या नामवंत संगीतकाराची गाणी ठरली होती, पण पैशांवरून फिसकटलं. ऐनवेळी दुसरं गाणं शोधायची वेळ आली. सापडलं ते दोरिवाल काइमी नावाच्या, बाइया प्रांतातून नुकत्याच रिओला आलेल्या नवख्या पोराचं. गाण्याचा विषय काय, तर बाइयाच्या बाईकडे काय काय असतं त्याची यादी! रेशमी फेटा, सोन्याची कर्णफुलं, कडी, खळ घातलेला घागरा. मग गाताना तेच अंगावर घालणं ओघाने आलं.

इथे थोडं थांबून ही 'बायाना' कोण ते सांगायला हवं. बाइयाच्या साल्वादोर शहरात रस्त्यावर खाद्यपदार्थ विकणाऱ्या कृष्णवर्णीय बायका. डोक्याला फेटा, अंगभर घेर असलेला पांढरा घागरा, गळ्यात माळांचे थर, डोक्यावर किंवा पुढ्यात टोपली. त्यांच्या आज्या-पणज्या आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या. ब्राझीलने गुलामगिरी कायद्याने बंद केली १८८८ साली, म्हणजे सगळ्या अमेरिका खंडांत सर्वांत शेवटी. त्या बायकांचा वेष तोवर कार्निव्हलमध्ये सोंग म्हणून वापरला जायचाच. कार्मेनने तो उचलला, झगमगीत केला, पोट थोडं उघडं ठेवलं आणि टोपलीचं रूपांतर फेट्यावर बसवलेल्या छोट्या सजवलेल्या टोपल्यांत केलं. टोप्यांच्या दुकानातली ती विद्या इथे कामाला आली. ती जेमतेम पाच फुटांची होती, म्हणून वरून उंच फेटा आणि खालून उंच तळव्याचे बूट. म्हणजे ज्याला जग पुढे हास्यास्पद म्हणणार होतं, ते डिझाइन एका हुशार कारागिरणीने स्वतःच्या गरजेपोटी केलेलं होतं.

आणि हो, हेही सरळच सांगायला हवं: गोरी बाई, वेष काळ्या फेरीवाल्या बायकांचा, संगीत काळ्या वस्त्यांतलं. ज्या सांबासाठी काही वर्षांपूर्वी पोलीस वादकांना त्रास देत होते, तोच सांबा तिशीच्या दशकात जेतुलियो वार्गासच्या राजवटीत राष्ट्रीय संगीत ठरला. पण तो देशभर आणि पुढे परदेशी पोचवायला चेहरा लागला तो गोरा. कार्मेनने हे नियम बनवले नव्हते, पण तिला त्यांचा फायदा मिळाला हे खरंच आहे.

त्याच वर्षी ब्रॉडवेचा बडा निर्माता ली शूबर्ट रिओला आला. उर्का कसिनोमध्ये त्याने कार्मेनला त्या वेषात पाहिलं आणि करार पुढे केला. त्याला ती एकटी हवी होती. तिने सांगितलं, माझे वादक, 'बांदो दा लुआ', बरोबर येणार. न्यूयॉर्कच्या वादकांना सांबाचा ताल जमणार नाही हे तिला पक्कं माहीत होतं. बरीच घासाघीस झाली, वार्गास सरकारनेही वादकांच्या प्रवासासाठी हात दिला आणि मे १९३९ मध्ये मंडळी बोटीने निघाली. करारावर सही करताना आपली टीम सोबत नेण्याचा हट्ट धरणाऱ्या या बाईबद्दल मला इथेच आदर वाटायला लागला. मूर्ख, भोळी, नशिबाने वर आलेली अशी तिची जी प्रतिमा आहे, ती या एका गोष्टीपाशीच कोसळते.

१९ जून १९३९ ला 'स्ट्रीट्स ऑफ पॅरिस' हा कार्यक्रम ब्रॉडवेवर सुरू झाला. त्यात तिचा भाग होता सहाएक मिनिटांचा. तेवढ्यात न्यूयॉर्क खिशात. काही आठवड्यांत तिच्या धर्तीचे फेटे आणि दागिने तिथल्या दुकानांच्या काचांमागे दिसायला लागले. पोर्तुगीज कुणाला कळत नव्हतं, म्हणून वर्तमानपत्रांनी लिहिलं ते तिच्या हातांबद्दल, डोळ्यांबद्दल आणि तिच्या मोडक्या इंग्रजीबद्दल. 'साऊथ अमेरिकन वे' या गाण्यात ती 'साऊथ'चा 'साऊस' करायची आणि लोक खूश व्हायचे. झालं! उच्चार ही चूक राहिली नाही, तो प्रॉडक्टचा भाग झाला. पुढे ती बरं इंग्रजी शिकली, पण पडद्यावर आणि मुलाखतींत मोडकंच बोलत राहिली, कारण गिऱ्हाईकाला तेच हवं होतं.

कॉल सेंटरच्या काळात आपल्याकडे उच्चार 'न्यूट्रल' करायचे वर्ग निघाले होते. क्लायंट समोर आला की आपसूक जीभ वळवणारे लोक तर आजही प्रत्येक टीममध्ये असतात. कार्मेनचं उलटं होतं. तिला स्वतःचा उच्चार पुसायचा नव्हता, आयुष्यभर बिघडलेलाच जपायचा होता. दोन्हींत जास्त दमवणारं काय, मला ठरवता येत नाही.

जुलै १९४० मध्ये ती सुट्टीवर रिओला परतली. बंदरापासून रस्त्यांवर तोबा गर्दी. पण काही दिवसांनी, १५ जुलैला, उर्का कसिनोमध्ये राष्ट्राध्यक्षांच्या पत्नीच्या धर्मादाय कार्यक्रमात ती गायला उभी राहिली. समोर रिओचा उच्चभ्रू वर्ग, सरकारी मंडळी. तिने गमतीत इंग्रजीतून अभिवादन केलं. शांतता. मग 'साऊथ अमेरिकन वे'सह नवी गाणी गायली. पुन्हा शांतता. वर्षापूर्वी याच स्टेजवर डोक्यावर घेतलेली बाई ती, आणि समोर थिजलेले चेहरे. ती ड्रेसिंग रूममध्ये जाऊन रडली. वर्तमानपत्रांत चर्चा एकच: ही अमेरिकाळली.

तिने केलं काय? दोन महिन्यांत नवी गाणी बसवली आणि त्याच कसिनोत परत उभी राहिली. त्यातलं एक गाणं थेट या आरोपावरच होतं, 'मी अमेरिकन होऊन परतले असं म्हणतात' या अर्थाचं, आणि या वेळी लोकांनी दाद दिली. टीकेला इतक्या रोख आणि सुरेल उत्तराची उदाहरणं फार नसतील. पण लागलेलं लागलंच. ऑक्टोबर १९४० मध्ये ती अमेरिकेला गेली आणि पुढची चौदा वर्षं ब्राझीलला आली नाही.

मला विचाराल तर त्या रात्रीचा आरोप अर्धाच खरा होता. तिचे कपडे, गाणं, हातवारे यांतलं बहुतेक सगळं रिओतच तयार झालेलं होतं, उर्काच्याच स्टेजवर. बदललं होतं ते बघणाऱ्यांचं ठिकाण. घरच्या घरात जे 'आपलं' वाटत होतं, तेच न्यूयॉर्कहून फिरून आल्यावर त्यांना परक्यांच्या नजरेने दिसलं: आपण जगाला असे दिसतो? काळ्या बायकांच्या वेषात, केळ्यांच्या सोबतीने? ज्यांना ब्राझील म्हणजे जवळपास युरोप असं दाखवायचं होतं, त्यांना ते झोंबलं. तिने देश सोडला याचा हा राग नव्हता. ती देशातली नेमकी कोणती गोष्ट घेऊन गेली, त्याचा होता.

आणि अमेरिकेला ती तेव्हाच का हवी होती, याचं उत्तर राजकारणात आहे. रूझवेल्टचं 'गुड नेबर' धोरण १९३३ पासून होतं. युद्धामुळे युरोपची सिनेमाची बाजारपेठ आटली आणि दक्षिण अमेरिका नाझींकडे झुकू नये ही काळजी होती. ऑगस्ट १९४० मध्ये नेल्सन रॉकफेलरच्या हाताखाली त्यासाठी खास सरकारी कचेरी निघाली आणि हॉलिवूडलाही कामाला लावलं गेलं. 'डाऊन अर्जेंटाइन वे' (१९४०) हा फॉक्सचा रंगीत सिनेमा याच हवेतला. कार्मेन ब्रॉडवेला बांधलेली होती, म्हणून फॉक्सने तिची गाणी न्यूयॉर्कमध्येच चित्रित केली. आता बघा हं: गोष्ट अर्जेंटिनाची, गाणारी ब्राझीलची, भाषा पोर्तुगीज! अर्जेंटिनाचे लोक वैतागले नसते तरच नवल. शेजारधर्म पाळायला निघालेल्यांना कुठला शेजारी कुठल्या घरात राहतो हेच माहीत नव्हतं.

मार्च १९४१ मध्ये हॉलिवूडच्या ग्राउमन्स चायनीज थिएटरच्या अंगणात तिच्या हातांचे ठसे उमटले, लॅटिन अमेरिकन कलाकारांत पहिले. पण भूमिका? त्यांची नावंच पुरे आहेत. 'वीक-एंड इन हवाना'त रोसिता रिवास. 'स्प्रिंगटाइम इन द रॉकीज'मध्ये रोसिता मर्फी. 'द गँग्ज ऑल हिअर'मध्ये दोरिता. 'समथिंग फॉर द बॉइज'मध्ये चिकिता हार्ट. म्हणजे ही पोर्तुगीज बोलणारी बाई आणि बहुतेक नावं स्पॅनिश. तरी तिने आपली चोरवाट शोधली होती. 'दॅट नाइट इन रिओ'मध्ये ती चिडली की धडाधड पोर्तुगीज बोलत सुटते. अमेरिकन प्रेक्षकाला तो नुसता मजेशीर आवाज, ब्राझीलच्या थिएटरमध्ये बसलेल्याला मात्र प्रत्येक शब्द कळायचा.

१९४३ च्या 'द गँग्ज ऑल हिअर'मधलं बझ्बी बर्कलीचं 'टुटी-फ्रुटी हॅट' हे गाणं यूट्यूबवर जरूर बघा. माणसाएवढाली केळी हातात घेऊन नाचणाऱ्या मुलींच्या रांगा आणि शेवटी कार्मेनच्या डोक्यावरून थेट आकाशात गेलेलं केळ्यांचं झाड. सुरुवातीच्या त्या छोट्या टोपलीचं हे असं झालं. १९४४ मध्ये युनायटेड फ्रूट कंपनीने 'चिकिता बनाना' हे जाहिरातीतलं कार्टून काढलं, त्यातलं नाचरं केळं उघडच तिच्यावर बेतलेलं. मध्य अमेरिकेतल्या बागा आणि सरकारं मुठीत ठेवणारी ही कंपनी, आणि तिच्या मालाला चेहरा मिळाला ब्राझीलच्या गायिकेचा.

पैसा मात्र खराखुरा होता. १९४५ मध्ये अमेरिकेत सर्वाधिक कमावणारी स्त्री कार्मेन मिरांडा होती, २ लाख डॉलरच्या वर. आणि त्याच सुमारास उतार सुरू झाला. युद्ध संपलं, शेजाऱ्यांची गरज संपली. १९४५ चा 'डॉल फेस' चक्क कृष्णधवल. फॉक्सबाहेर पडून तिने १९४७ मध्ये ग्राउचो मार्क्सबरोबर 'कोपाकबाना' केला. सिनेमा सामान्य, पण कथा अशी की मी दचकलोच. ग्राउचो एजंट, त्याच्याकडे विकायला कलाकार एकच, कार्मेन. म्हणून तो तिला एकाच क्लबला दोनदा विकतो: एकदा ब्राझीलची गायिका म्हणून आणि एकदा बुरख्याआडची फ्रेंच 'फिफी' म्हणून. दोन्हींना मागणी येते. शेवटी फिफीला नाहीशी करायची वेळ येते आणि बिचाऱ्या ग्राउचोवर तिच्या खुनाचा संशय येतो! जी बाई मुळात नव्हतीच, तिला नाहीशी करणं सर्वांत अवघड. कार्मेन प्रत्यक्षात याच अडचणीत होती. नवीन काही करायचं म्हटलं की लोक विचारणार, फळं कुठायत?

मग ती स्वतःच स्वतःची टिंगल करू लागली. क्लबांत, टीव्हीवर फेट्यावरून विनोद करायचे, म्हणजे दुसऱ्याने करायच्या आधी आपला करून झाला. तारीख सांभाळण्यासाठी जागं राहायच्या गोळ्या, मग झोपेच्या गोळ्या. १९४७ मध्ये डेव्हिड सेबॅस्टियनशी लग्न केलं, ते सुखाचं झालं नाही. १९५३ च्या 'स्केअर्ड स्टिफ'नंतर सिनेमा नाही. हॉलिवूडचे एकूण १४. डिसेंबर १९५४ मध्ये खचलेल्या अवस्थेत ती उपचारासाठी आणि विश्रांतीसाठी रिओला आली, चौदा वर्षांनी. चार महिने राहिली आणि परत कामावर रुजू झाली.

४ ऑगस्ट १९५५ ला जिमी डुरांटेच्या टीव्ही कार्यक्रमाचं चित्रीकरण होतं. नाचताना अचानक तिचा गुडघा टेकला. तिने हसून दम लागल्याचं सांगितलं, डुरांटेने सावरलं आणि तिने नाच पूर्ण केला. त्याच रात्री बेव्हर्ली हिल्सच्या घरी हृदयविकाराने ती गेली. वय ४६. तो भाग ऑक्टोबरमध्ये प्रक्षेपित झाला. आजही बघायला मिळतो. तो क्षण बघताना मृत्यूइतकंच आणखी एक जाणवतं: तोल जाऊनही तिचं हसू जात नाही.

पार्थिव विमानाने रिओला आणलं. अंत्यदर्शनाला हजारोंची रांग आणि अंत्ययात्रेला पाच लाखांच्या आसपास लोक होते असा अंदाज सांगतात. १९४० मध्ये बंदरावर आलेली गर्दी आणि १९५५ मध्ये तिला पोचवायला आलेली गर्दी, मधे उर्का कसिनोतली ती एक शांत रात्र. इतिहासात गाजली ती रात्र, कारण लिहिणारे त्या रात्री तिथे खुर्च्यांवर बसलेले होते. रस्त्यावरच्या लोकांनी लिहिलं नाही, ते फक्त आले. दोनदा आले.

शिकलेल्या वर्गाला आणखी वेळ लागला. १९६८ मध्ये कायतानो वेलोझोच्या 'ट्रोपिकालिया' गाण्याच्या शेवटी तिचं नाव आलं, काहीसं चिडवत, काहीसं मिरवत. १९९१ मध्ये 'न्यूयॉर्क टाइम्स'मधल्या लेखात त्याने मोकळेपणाने लिहिलं की त्याच्या पिढीला तिचा अभिमानही होता आणि लाजही वाटायची. १९७६ मध्ये रिओत तिच्या नावाचं संग्रहालय उघडलं. २०१६ च्या रिओ ऑलिंपिकच्या समारोपात तिच्या वेषातली गायिका जगापुढे उभी राहिली. ज्या वेषामुळे एकेकाळी मान खाली गेली होती, तोच देशाने स्वतःहून काढून घातला.

बाहेर गेलेल्या माणसाकडून आपण दोन विरुद्ध गोष्टी मागतो. तिकडे यशस्वी हो, आणि जसा गेलास तसाच ये. तिकडचे लोक तिसरीच मागणी करतात: आम्हाला समजेल तेवढाच तू राहा. या तिन्ही मागण्या एकाच वेळी पुऱ्या करणं कुणालाही शक्य नाही. कार्मेनने पंधराएक वर्षं, पाच फुटांच्या अंगावर, उंच बुटांवर उभं राहून ते करून पाहिलं.

म्हणून पुढच्या वेळी कुठे ती फळांची टोपी दिसली, कार्टूनमध्ये किंवा एखाद्या फॅन्सी ड्रेसमध्ये, तर हसा खुशाल. तिने ती लोकांना आवडावी म्हणूनच केली होती. फक्त एवढं लक्षात असू द्या की ती टोपी शिवणारे हात तिचेच होते.